दार नसलेला दिवस

आमच्या कारखान्यात हंगामात आलेलं पत्र उघडायचं नाही, असा नियम होता. होता म्हणते, कारण आता तो नाही. तो कसा गेला तेच सांगायचं आहे.

पेणमध्ये कारखाना म्हटलं की तो गणपतीचा. भोंगा नाही, चिमणी नाही. पत्र्याची एक लांब शेड, भिंतीला लागून मांडण्या, त्यांवर ओळीनं बसलेल्या मूर्ती आणि खाली जमिनीवर बसून काम करणारे आम्ही. माती आणि साचे नवऱ्याकडे, अंगाचा रंग दोन बायकांकडे आणि आखणी माझ्याकडे. आखणी म्हणजे डोळे. मूर्तीचं सगळं झालं की शेवटी बारीक ब्रशनं भुवई, पापणी आणि बुबुळ काढायचं. लग्न होऊन मी रोह्याजवळच्या अष्टमी गावाहून इथे आले तेव्हा मला रांगोळीपलीकडे काही येत नव्हतं. सासऱ्यांनी, आम्ही त्यांना आबा म्हणतो, शेजारी बसवून शिकवलं. चुकलं की बोलत नसत, नुसता ओला बोळा पुढे सरकवायचे. पुढे त्यांचा हात कापायला लागला. एक दिवस त्यांनी आपला ब्रश धुऊन माझ्या पुढ्यात ठेवला आणि मागच्या खोलीत जाऊन झोपले. त्यानंतर सहा वर्षं त्यांनी एकही डोळा आखला नाही.

पत्राचा नियम सुतकाचा. घरातलं, भावकीतलं कुणी गेलं की सुतक, आणि सुतकात मूर्तीला हात लावायचा नाही. पण सुतक लागतं ते बातमी कळल्यापासून. कळलीच नाही तर लागत नाही. आबांच्या वडिलांच्या काळी बातम्या पत्रानं यायच्या. एकदा चतुर्थी आठ दिवसांवर असताना त्यांनी एक कार्ड वाचलं आणि त्यांचे चुलते गेल्याचं कळलं. कारखाना बंद. गिऱ्हाइकं बिनडोळ्यांच्या मूर्ती घेऊन गेली. त्या वर्षी ठरलं की आषाढ लागला की येईल ते पत्र पत्र्याच्या डब्यात टाकायचं आणि डबा उघडायचा अनंत चतुर्दशी झाल्यावर.

आता कोण मेलं ते फोनवर कळतं, आणि फोन तर आम्ही घेतोच. मी एकदा हे आबांना बोलून दाखवलं. ते म्हणाले, "फोनचा नियम कोनी घातला नाय. पत्राचा घातलाय." डबा मांडणीच्या वरच्या फळीवर राहिला.

तर त्या वर्षी आषाढाच्या पहिल्या आठवड्यात पोस्टमन एक जाड लखोटा घेऊन आला. मी हातातला ब्रश खाली ठेवला, पोचपावतीवर सही केली आणि लखोटा डब्यात टाकला. कुठून आलाय तेही पाहिलं नाही. पाहिलं असतं तरी डब्यातच टाकला असता, खोटं कशाला बोलू?

तो कर्ज दिलेल्या फायनान्स कंपनीचा होता. शेड वाढवायची म्हणून आम्ही नवराबायकोनं कर्ज काढलं होतं, आणि आबांच्या नावावरचा कारखाना, मागच्या दोन खोल्यांसकट, गहाण ठेवला होता. दोन वर्षं हप्ते सुरळीत गेले. मग पीओपीची मूर्ती चालणार की नाही चालणार, असा घोळ झाला. व्यापाऱ्यांनी माल उचलला नाही, शेडभर मूर्ती अंगावर पडल्या आणि हप्ते थकले. चूक कुणाची म्हणाल तर थकवले आम्हीच. ते मी कुठेही नाकारलं नाही.

अनंत चतुर्दशीनंतर तीन दिवसांनी डबा उघडला. लखोट्यात लिहिलं होतं की साठ दिवसांत सगळं कर्ज फेडा, नाहीतर गहाण मिळकतीचा ताबा घेऊ. मी बोटांवर मोजलं. माझ्या सहीच्या दिवसापासून साठ दिवस विसर्जनाआधीच संपले होते. सुतक वाचल्यापासून लागतं, पण नोटीस सही केल्यापासून लागते, हे मला त्या दिवशी समजलं.

नवरा आणि मी पनवेलच्या शाखेत गेलो. तिथला साहेब सभ्य होता. "जमेल तसं भरत राहा, बघू," म्हणाला. आम्ही जमेल तसं भरत राहिलो. तो बघत असेल असं आम्हाला वाटत होतं. तोंडी बोलणं कागदावर घ्यावं एवढी अक्कल दोघांनाही नव्हती.

पुढच्या वर्षी अक्षय्य तृतीया आली. आमच्याकडे हा पाटाचा दिवस. दुकानातून मूर्ती उचलणारे वेगळे. आमची जुनी घरं आपापला पाट घेऊन येतात आणि त्याच पाटावर त्यांची मूर्ती होते. कुणाचा पाट आजोबांच्या वेळचा, कुणाचा मुलीच्या लग्नानंतर नवा केलेला. पाठीमागे घराचं नाव कोरलेलं असतं. जितं, हमरापूर, रोहा, कुठून कुठून लोक येतात. पाट ठेवतात, सुपारी ठेवतात आणि चहा पिऊन जातात. त्या वर्षी त्रेसष्ट पाट आले. समोरच्या रंगाच्या दुकानातले चाचा दरवर्षी पाटवाल्यांना कोकम सरबत देतात. आखातात वीस वर्षं काढून त्यांनी हे दुकान टाकलंय. ते म्हणतात, "भाभी, तुमचा गणपती माझ्या रंगानं रंगतो, मग सरबत माझंच व्हायला हवं." बिल मात्र एक पैसा कमी करत नाहीत.

ती अक्षय्य तृतीया नेहमीसारखीच गेली.

आषाढात तहसीलदार कचेरीतून कोतवाल आला. हातात कागद होता. आबांनी सवयीनं डब्याकडे बोट दाखवलं. कोतवाल म्हणाला, "आजोबा, डब्यात नाय टाकायचा. मला वाचून दाखवायला सांगितलाय." आणि दारात उभं राहून त्यानं तो वाचला. पत्र आम्ही उघडलं नाही, एवढंच आबांचं समाधान. कागदात होतं की कंपनीनं अमुक तारखेला मिळकतीवर ताब्याची नोटीस चिकटवली, पेपरात छापली, आम्ही हरकत घेतली नाही, म्हणून अलिबागहून जिल्हाधिकाऱ्यांचा आदेश झालाय. पंधराव्या दिवशी पोलीस बंदोबस्तात मिळकत रिकामी करून सील करणार.

मी रागीट आहे. सगळं पेण जाणतं. मी उठून डबा घेतला आणि अंगणात भिरकावला. तो चाचांच्या पायरीपर्यंत घरंगळत गेला. आबा गेले, डबा उचलून आणला, पोचा हातोडीनं ठोकून सरळ केला आणि परत फळीवर ठेवला. मला आणखीच राग आला.

पंधरा दिवस म्हणजे चतुर्थीच्या महिनाभर आधी. शेडमध्ये त्रेसष्ट पाटांवर त्रेसष्ट कच्च्या मूर्ती. सील लागलं की त्या आत. नवरा भांडखोर नाही. तो म्हणाला, "पाट तरी लोकांना परत देऊ. बाकीचं आपलं आपन बघू."

"रिकामा?" आबांनी विचारलं.

आमच्यात दिलेला पाट रिकामा परत जात नाही. घरात कुणी गेलं आणि त्या वर्षी गणपती बसणार नसला, तरी पाटावर निदान मातीचा एक गोळा ठेवून पाठवतात. नवऱ्यानं तो विषय सोडला. मी त्याच वेळी ठरवलं की पाट परत जाणार नाहीत आणि सीलही लागू देणार नाही. कसं, ते ठाऊक नव्हतं.

शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. शहाण्यांना पोलीस बंदोबस्ताची नोटीस येत नसावी. शाळेत माझ्या दोन वर्षं पुढे असलेली एक जण रोह्याला वकिली करते. दुसऱ्या दिवशी सकाळच्या गाडीनं मी नवऱ्याला घेऊन रोह्याला गेले. माहेरी अष्टमीला न थांबता तशीच तिच्या ऑफिसात जाऊन बसले. ऑफिस म्हणजे एका औषधाच्या दुकानावरची खोली. वकीलताईनं सगळे कागद वाचले. मग सांगितलं की असल्या जप्तीविरुद्ध मुंबईच्या कर्जवसुली न्यायाधिकरणात जाता येतं, पण ताब्याची नोटीस लागल्यापासून पंचेचाळीस दिवसांच्या आत. कंपनी म्हणते त्या तारखेपासून मोजलं तर ते दिवस संपले होते.

"पण नोटीस लागलीच नाही," मी म्हटलं. "आम्ही तिथंच राहतो. दिसली असती."

"असं प्रत्येकच कर्जदार म्हणतो," ती म्हणाली. "आणि पहिली नोटीस? साठ दिवसांची?"

मी डब्याची गोष्ट सांगितली. ती हसली नाही. माझ्या बरोबर आलेला नवरा पुढे सरकला. "ताई, आपन लिवू ना, ती पन मिळालीच नाय. सही कोनाची ते त्यांना कुठं कळतंय?"

वकीलताईनं कंपनीच्या कागदांतून पोचपावतीची प्रत काढून टेबलावर ठेवली. सही माझी होती. सहीच्या शेजारी अंगठ्याचा डाग उमटला होता. प्रत काळीपांढरी, पण मला तो रंग माहीत होता. गणपतीच्या अंगाचा गुलाबी.

"नाकारता येईल," ती म्हणाली. "हस्ताक्षरतज्ज्ञ, तपासणी, वर्ष निघेल. प्रतिज्ञापत्रावर सही तुझी असणार, तू ठरव."

खोटं बोलावं असं मला वाटलं नाही, असं मी म्हणणार नाही. वाटलं. चांगलं मिनिटभर वाटलं. त्रेसष्ट घरांचा प्रश्न होता, आणि समोरचे तरी कुठे खरं बोलत होते? पण तो डाग बघवेना. त्याच हातानं मी डोळे आखते. म्हटलं, "लिही. पत्र मिळालं. मी सही केली. डब्यात टाकलं, वाचलं नाही. का वाचलं नाही तेही लिही."

"सुतकाचं?"

"सगळं."

नवऱ्यानं डोक्याला हात लावला. परतीच्या गाडीत तो खिडकीकडे तोंड करून बसला. कासू स्टेशन आल्यावर म्हणाला, "तुझ्यासारखी बायको वैऱ्याला पन मिळू नये." मी म्हटलं, वैऱ्याची काळजी तुम्ही करू नका.

अर्ज दाखल झाला आणि ताब्याच्या तारखेच्या तीन दिवस आधीची तारीख मिळाली. कंपनीचं उत्तर आलं म्हणून वकीलताईनं पुन्हा बोलावलं. मी पुन्हा रोह्याला गेले. उत्तर इंग्रजीत होतं, पण त्याला जोडलेला पंचनामा मराठीत. ती वाचत होती आणि मी कान देऊन ऐकत होते. अमुक तारखेस सकाळी साडेअकरा वाजता मिळकतीवर गेलो असता कारखाना बंद होता, कोणी हजर नव्हते, सबब नोटीस दर्शनी दरवाजावर चिकटवली, दोन पंचांच्या सह्या. सोबत एक फोटो. करड्या रंगाच्या शटरवर चिकटवलेला कागद, इतका जवळून काढलेला की आजूबाजूचं काही दिसत नव्हतं.

"वाच परत," मी म्हटलं.

तिनं परत वाचलं. दर्शनी दरवाजावर.

आणि तारीख होती अक्षय्य तृतीयेची. मला आधी हसू आलं, मग संताप. त्यांनी तारीख बहुतेक ऑफिसच्या कॅलेंडरवर बघून टाकली असेल. कुठला दिवस आहे ते पाहिलं नव्हतं. अक्षय्य तृतीयेला सकाळी साडेअकराला आमच्या कारखान्यात निदान वीस माणसं असतात. पण ती गोष्ट वेगळी. मी वकीलताईला म्हटलं, "अगं, त्या दिवशी आम्हाला दारच नव्हतं."

तिला कळेना. मग मी नीट सांगितलं. आमच्या कारखान्याला शटर नाही. जुन्या दुकानांना असायच्या तशा उभ्या फळ्या आहेत. वर आणि खाली खोबणी, तीत एकामागून एक सरकवायच्या. अकरा आहेत. पाटाच्या दिवशी सकाळी आबा अकराच्या अकरा काढतात. पाट घेऊन येणाऱ्याला दार आडवं येऊ नये म्हणून. फळ्या मागे विहिरीपाशी धुतात, उन्हात घालतात, दुपारी तेल पाजतात आणि दिवेलागणीला परत बसवतात. वर्षातून हा एकच दिवस. पूर्ण दिवसभर कारखान्याचं तोंड उघडं असतं आणि दर्शनी दरवाजा विहिरीपाशी वाळत पडलेला असतो.

वकीलताईनं पेन खाली ठेवलं. "हे सिद्ध कशानं करायचं?"

ते मलाही माहीत नव्हतं. आम्ही आमच्या दाराचे फोटो कशाला काढू? पेणला परत आले आणि चाचांना सांगितलं. ते म्हणाले, "मी समोर बसतो दिवसभर. मी लिहून देतो. मला काय कोर्टाची भीती हाय?" मग पाटांच्या यादीवरून मी एकेका घरी फोन लावत सुटले. जित्याची एक आत्या आहे, म्हणजे नात्यानं कोणी नाही, पण तीस वर्षं पाट घेऊन येते म्हणून आत्या. तिला सगळं समजावून सांगायला बराच वेळ गेला, कारण मधेमधे ती कंपनीला शिव्या देत होती. शेवटी म्हणाली, "अगो, माझ्या फोनात हाय ना. नातवानं काढलाय, पाट डोक्यावर घेतलेला. मी इस्टेटसला ठेवते दर वर्साला."

दुसऱ्या दिवशी पहिल्या गाडीनं ती फोन घेऊन हजर. फोटोत आत्या पाट डोक्यावर घेऊन कारखान्यात शिरताना दिसत होती. पाठीमागे सगळं उघडं. वरची खोबणी रिकामी, खालची खोबणी रिकामी, आणि उंबऱ्यावर आबा तेलाचं भांडं घेऊन बसलेले. फोटोवर तारीख होती, वेळ होती. अकरा वाजून चाळीस मिनिटं.

आबांना मात्र लोकांना कोर्टात ओढणं आवडलं नव्हतं. "पाट त्यांचा, कर्ज आपलं," ते म्हणत राहिले. प्रतिज्ञापत्रासाठी पाच माणसं पुरे, असं वकीलताईनं सांगितलं होतं. नोटरीच्या दारात एकतीस आली. पहिली सही चाचांची. रोह्याहून एक मास्तर आले होते. ते म्हणाले, "आम्ही कोर्टासाठी नाही आलो. आमचा पाट आत आहे." आबा रस्त्याच्या पलीकडे उभे होते. नंतर त्यांनी सगळ्यांना चहा पाजला.

न्यायाधिकरण मुंबईत एका इमारतीच्या वरच्या मजल्यावर. बाहेर बाकांवर आमच्यासारखेच लोक बसलेले, कुणाचा फ्लॅट, कुणाची गिरण, प्रत्येकाच्या मांडीवर फायलींची पिशवी. आत सगळं इंग्रजीतून चालतं. मला मधले मधले शब्द कळत होते. कंपनीचा वकील बोलायला उठला. चांगला उंच माणूस, आवाजही चांगला. त्यानं माझं प्रतिज्ञापत्र हातात धरून काहीतरी म्हटलं आणि बाकावरचे दोघंतिघं हसले. वकीलताईनं कानात सांगितलं, तो म्हणतोय की कायद्याची नोटीस बिस्किटांच्या डब्यात टाकणाऱ्या लोकांवर काय विश्वास ठेवायचा.

डबा बिस्किटांचा नाही, फरसाणाचा आहे. मी हे मोठ्यानं म्हणाले. वकीलताईनं माझा हात दाबला, पण वर बसलेल्या न्यायाधीश साहेबांनी ऐकलं होतं. त्यांनी मराठीत विचारलं, "बाई, ही नोटीस मिळाली हे तुम्ही कबूल करता?"

"हो साहेब. सही माझीच आहे. तिथं डाग आहे तोही माझाच."

"मग उघडली का नाही?"

मी सुतकाचं सांगितलं. भीती वाटत होती, पण एकदा सुरू केल्यावर सगळं सांगितलं. शेवटी म्हटलं, "ती चूक आमची. तिच्याबद्दल मी काहीच मागत नाही. पण दुसरी नोटीस लागलीच नाही. लावायला दारच नव्हतं."

आता बाकावर कुणी हसलं नाही. साहेबांनी आत्याचा फोटो पाहिला. मग कंपनीचा शटरचा फोटो. वकीलताईनं शेवटचा कागद पुढे केला. तो कंपनीच्याच फायलीतला होता. कर्ज मंजूर करताना त्यांच्याच माणसानं काढलेला आमच्या कारखान्याचा फोटो, त्यात अकरा फळ्या सरळ दिसत होत्या. शटर नव्हतं. उंच वकिलानं फाईल उलटीपालटी केली आणि मुदत मागितली. साहेब म्हणाले की मुदत घ्या, पण तोवर ताबा घ्यायचा नाही. अट एवढीच की थकबाकीतला काही भाग महिन्यात भरायचा. चाचांनी त्या हंगामातलं आमचं रंगाचं बिल दिवाळीनंतर घ्यायचं कबूल केलं आणि आम्ही तो भरला. चाचांनी त्या बिलातले पाच टक्केही कमी केले, आणि हे कुणाला सांगू नका म्हणाले. मी सगळ्यांना सांगितलं.

त्या चतुर्थीला त्रेसष्ट पाट भरून गेले. एकही रिकामा गेला नाही. शेवटचा पाट जित्याला जाणाऱ्या रिक्षात ठेवला आणि मी उंबऱ्यावर बसून घेतलं.

थंडीत अंतिम आदेश आला. ताब्याची कारवाई रद्द. कर्ज मात्र कर्जच राहिलं, आणि कंपनीला कायद्याप्रमाणे पहिल्यापासून सुरुवात करायची मोकळीक ठेवली. म्हणजे ते पुन्हा नोटीस पाठवणार. वकीलताई म्हणाली, "या वेळी मिळाली की त्याच दिवशी मला फोन. साठ दिवसांत लेखी हरकत घ्यायची आणि हप्त्यांची मागणी लावून धरायची. त्यांना त्या हरकतीला उत्तर द्यावंच लागतं. तो तुझा हक्क आहे, तो डब्यात टाकू नकोस."

घरी येऊन मी आबांना म्हटलं, या वर्षापासून नियम बंद. ते मांडणी पुसत राहिले. डबा फळीवर तसाच राहिला. मी ठरवून टाकलं होतं की पत्र आलं की मी उघडणार, मग घरात काय व्हायचं ते होऊ दे. सासऱ्याशी भांडायची तयारी मनात तेव्हापासून करून ठेवली होती. काय बोलायचं तेही पाठ केलं होतं.

यंदा श्रावणात, मी एका मोठ्या मूर्तीचा डावा डोळा संपवून उजव्याला हात घालणार, तेवढ्यात पोस्टमन आला. तसाच जाड लखोटा. एक डोळा आखला की दुसरा होईपर्यंत उठायचं नाही, ही आबांचीच शिकवण. मी ब्रश घेऊन तशीच बसले. भांडणाचे सगळे शब्द तोंडात आले.

आबा खुर्चीवरून उठले. सही त्यांनी केली. लखोटा घेऊन माझ्यापाशी आले, तो नखानं फोडला आणि आतला कागद माझ्या पुढे धरला.

"किती दिवस हायत?"

"साठ," मी म्हटलं.

"कोन मेला असंल तर मला सुतक लागंल. तू वाचलं नाय," ते म्हणाले. "जा, लिवायला बस. मी आखतो."

त्यांनी माझ्या हातून ब्रश घेतला. पण त्या मोठ्या मूर्तीला हात लावला नाही. ती गिऱ्हाइकाची होती, एवढं भान त्यांना होतं. तिचा दुसरा डोळा मीच दुसऱ्या ब्रशनं पुरा केला, मग हात धुतले. तोवर आबांनी मांडणीच्या खालून आमच्या घरचा पाट ओढून घेतला होता.

मी मागच्या खोलीत टेबलाशी बसले. वकीलताईला फोन लावला. ती सांगत गेली, मी लिहीत गेले. नोटीस आज मिळाली. वाचली. आमची हरकत अशी. हप्ते बांधून द्यावेत, आम्ही भरायला तयार आहोत, आजपर्यंत भरलेल्याच्या पावत्या सोबत. पान भरलं, दुसरं भरलं. नवरा सायकल काढून दारात उभा राहिला. पोस्ट बंद व्हायच्या आत रजिस्टर झालं पाहिजे, असं दर दोन मिनिटांनी सांगत होता.

तो कागद घेऊन गेल्यावर मी शेडमध्ये आले. आबा डाव्या हातानं उजवं मनगट धरून बसले होते. आमच्या गणपतीचे दोन्ही डोळे झाले होते. उजवा बरोबर होता. डावा भुवईपासून थोडा खाली आला होता आणि पापणीची रेघ एका जागी थरथरली होती.

सवयीनं माझा हात ओल्या बोळ्याकडे गेला. आबा बघत होते.

मी बोळा उचलला आणि वाळलेल्या ब्रशचं टोक त्यानं पुसलं. तो डोळा तसाच ठेवला. यंदा आमच्याकडे आरतीला आलेल्या कुणीकुणी विचारलं की असा का आहे. मी सांगितलं, आबांनी आखलाय.